डोक्यावरचा रुमाल आणि हातातला फोन

परवा एक जुनी विद्यार्थिनी घरी आली होती. १९९१ च्या दहावीच्या बॅचची. बरोबर तिची चोवीस वर्षांची मुलगी. आमच्याकडे आलेल्या मुस्लिम मुलींच्या आयांना आम्ही शिक्षिका 'अमकीची अम्मी' म्हणायचो, आता माझी विद्यार्थिनीच कुणाची तरी अम्मी झालेली! मुलीचं नाव लिहिणार होते, पण तिनंच सांगितलं, "आजी, लिहा हवं तेवढं, फक्त माझं नाव नको." त्याला कारण आहे, ते पुढे येईल. आणि मुलीचं नाही म्हटल्यावर आईचंही ओघानेच नको.

चहा झाल्यावर मुलीनं फोन काढून दाखवला. ती घरबसल्या स्कार्फ विकते. इन्स्टाग्रामवर तिचं पान आहे आणि त्यावर डोक्याचा स्कार्फ किती तऱ्हांनी बांधता येतो त्याच्या छोट्या छोट्या फिती. आतली टोपी कशी घालायची, टाचणी कुठे लावली की कापडाला भोक पडत नाही, चेहरा गोल असेल तर पट्टी कुठून घ्यायची, पावसाळ्यात कुठलं कापड... मी म्हटलं, "अगं, आमच्या निऱ्यांनासुद्धा एवढं शास्त्र नव्हतं." तिला हसू आलं. तिचं पान अकरा हजारांवर लोक बघतात म्हणे. पण एक गोष्ट मला खटकली. इतक्या फिती पाहिल्या, कुठेही चेहरा नाही. कधी पाठमोरी, कधी हनुवटीपासून खाली, कधी नुसते हात.

त्या दोघी गेल्यावर माझ्या डोक्यात चक्र सुरू झालं. इतिहास शिकवणाऱ्या माणसाची ही खोडच. समोर काही नवीन दिसलं की त्याचा आजा-पणजा शोधायला लागायचं. शिवाय आणखी एक गोष्ट होती, माझ्या स्वतःच्या खात्यावर नोंदलेली, तीही वर आली. ती शेवटी सांगते.

आधी एक गैरसमज. आपल्या बहुतेकांना वाटतं की डोक्याचा स्कार्फ, अबाया हे सगळं 'पूर्वीपासूनचं' आहे आणि फोन तेवढा नवा. निदान आमच्या कोकणात तसं नाही. या मुलीच्या आजीला मी चांगली ओळखत होते. ती साडी नेसायची, डोक्यावरून पदर घ्यायची, आणि बाजारात माझ्या आईत आणि तिच्यात लांबून फरक सांगता आला नसता. (आमच्या घरीही थोरल्या मंडळींसमोर पदर डोक्यावरून खाली येऊन चालत नसे, आणि माझ्या वडिलांची आत्या जन्मभर लाल आलवणात होती. त्यामुळे 'झाकणं' ही दुसऱ्या कुणाची तरी गोष्ट आहे असं बोलायचा आपल्याला फारसा अधिकार नाही.) काळा अबाया आमच्याकडे आला तो आखाती देशांतून. सत्तरच्या दशकात तेलाचे भाव वाढले आणि कोकणातले पुरुष कुवेत, सौदी, दुबईला कामाला जाऊ लागले. गावाकडे पैसे आले, टेपरेकॉर्डर आले, अत्तरं आली, आणि तिकडच्या शहरी बाईचा पोशाखही आला. तो गरिबीतून आला नाही, चार पैसे हातात आल्यावर आला. हे मी डोळ्यांनी पाहिलेलं आहे.

तर पोशाख नवा आहे. मग नवं वाटतं ते, म्हणजे मुस्लिम बाईनं आपल्या पोशाखाबद्दल चारचौघांत बोलणं, ते किती जुनं? तर चांगलं सव्वाशे वर्षांचं.

१८९८ मध्ये लाहोरला 'तहजीब-ए-निस्वाँ' नावाचं उर्दू साप्ताहिक निघालं. सय्यद मुमताज अली आणि त्यांच्या पत्नी मुहम्मदी बेगम यांनी ते काढलं, आणि संपादिका मुहम्मदी बेगम होत्या. बायकांसाठी, आणि मुख्य म्हणजे बायकांनी लिहिलेलं. घरकाम, मुलांची आजारपणं, शिक्षण, पडदा सगळ्यावर पत्रं यायची. एका शहरातल्या बाईच्या पत्राला दुसऱ्या शहरातली, जिला तिनं कधी पाहिलंही नाही, अशी बाई उत्तर द्यायची. आता यातली गंमत पाहा. त्या काळी घरंदाज स्त्रीचा नुसता चेहराच नव्हे, तिचं नावही पडद्यात असे. परक्या पुरुषांच्या तोंडी आपल्या बायकोचं किंवा मुलीचं नाव जाणं कमीपणाचं. म्हणून लेखाखाली सही असायची 'अमक्याची मुलगी', 'तमक्याची पत्नी' अशी. अलीगढकडच्या शेरवानी घराण्यातली जाहिदा खातून (१८९४ ते १९२२) ही तर फार मोठी कवयित्री. ती तीन अक्षरांखाली लिहायची, जे-खे-शीन. नावातली आद्याक्षरं फक्त. अठ्ठाविसाव्या वर्षी गेली बिचारी. आज मुली फोनवर खरं नाव लपवून टोपणनाव घेतात, त्याला काहीतरी इंग्रजी शब्द आहे. मला तर त्या मुलीच्या पानावरचं टोपणनाव पाहून जे-खे-शीनच आठवली.

आता आपल्या जवळच्या गोष्टीकडे येते. आनंदीबाई जोशींचा तो फोटो तुम्ही सर्वांनी पाहिला असेल. फिलाडेल्फियाच्या वैद्यकीय कॉलेजात १८८५ साली काढलेला, तीन विद्यार्थिनींचा. जपानची केई ओकामी किमोनोत, सीरियाची साबात इस्लामबूली तिकडच्या पोशाखात आणि आपली आनंदी साडीत. घरातल्या प्रत्येक व्हॉट्सॲप गटावर तो वर्षातून दोनदा तरी फिरतो! परदेशात गेल्यावर काय नेसायचं हा आनंदीबाईंपुढे केवढा मोठा प्रश्न होता. थंडीत नऊवारीनं पायाच्या पोटऱ्या उघड्या राहतात, म्हणून त्यांनी गुजराती पद्धतीचं नेसण घेतलं. पण विलायती पोशाख घेतला नाही.

त्यानंतर एकवीस वर्षांनी, १९०६ मध्ये, मुंबईची आणखी एक मुलगी शिकायला लंडनला गेली. आतिया फैजी तिचं नाव. जन्म १८७७, इस्तंबूलचा, कारण वडिलांचा व्यापार तिकडे होता. घराणं तय्यबजींचं. म्हणजे १८८७ च्या मद्रास काँग्रेसचे अध्यक्ष बद्रुद्दीन तय्यबजी यांच्या गोतावळ्यातली. आणि आमच्या रायगडकरांना अभिमानानं सांगते, तिची थोरली बहीण नाझली ही जंजिऱ्याची बेगम. मुरुडला जाताना समुद्राकडे तोंड करून उभा असलेला नबाबांचा वाडा दिसतो ना, तिथली. मी कितीतरी सहली त्या किल्ल्यावर नेल्या, तोफांची नावं मुलांकडून पाठ करून घेतली, सिद्दी आणि मराठे यांच्या लढाया तिखटमीठ लावून सांगितल्या. पण इथली एक बेगम १९०८ मध्ये युरोप फिरून आली आणि तिनं उर्दूत प्रवासवर्णन लिहिलं, हे मुलांना एकदाही सांगितलं नाही. मलाच ठाऊक नव्हतं. पुस्तकात नव्हतं, म्हणून माहीत नव्हतं, असो.

आतियाला सरकारी शिष्यवृत्ती मिळाली होती. लंडनच्या मारिया ग्रे ट्रेनिंग कॉलेजात ती शिक्षिका व्हायला गेली. (म्हणजे आमच्याच जातीची!) तिथून ती मुंबईला बहिणीला, जोहराला, रोजनिशीसारखी पत्रं पाठवायची. जोहरा ती नीटनेटकी करून लाहोरच्या 'तहजीब-ए-निस्वाँ'कडे धाडायची, आणि १९०७ मध्ये ती क्रमशः छापून आली. लंडनमध्ये मुलगी आज कुठे गेली, कुणाला भेटली, कुठलं व्याख्यान ऐकलं, काय पाहिलं, हे सगळं काही आठवड्यांनी लाहोरपासून दख्खनपर्यंतच्या जनानखान्यांत वाचलं जायचं. पुढे १९२१ मध्ये 'जमाना-ए-तहसील', म्हणजे शिक्षणाचा काळ, या नावानं त्याचं पुस्तक झालं. २०१० मध्ये त्याचा इंग्रजी अनुवाद निघाला, तो मुलानं मला आणून दिला. माझं शिक्षण सगळं मराठीतून, त्यामुळे शेजारी डिक्शनरी घेऊन दोन महिने लागले. पण सोडवेना.

पोशाखाच्या बाबतीत आतियाचं असं होतं की चेहरा उघडा, डोकं झाकलेलं, आणि मेमसाहेबी झगा नाही. आता हे वाचायला साधं वाटतं. पण त्या काळी तिच्यावर दोन बाजूंनी डोळे होते. इकडे जनानखान्यात बसून वाचणाऱ्या बायकांना (आणि त्यांच्या नवऱ्यांना) पाहायचं होतं की मुलगी तिकडे जाऊन बिघडते की काय. आणि लंडनच्या मंडळींना हवी होती 'पूर्वेची राजकन्या'. दोघांनाही पुरून उरेल असा पोशाख तिनं स्वतःच जुळवला. कोणी हुकूम केला म्हणून नाही आणि कोणी फतवा काढला म्हणूनही नाही. तब्येतीमुळे तिचं शिक्षण अर्धवट राहिलं आणि वर्षभरात ती परतली, पण तिची पत्रं वाचून किती मुलींनी घरात हट्ट धरला असेल कोण जाणे. पुढे १९१२ मध्ये तिनं सॅम्युएल रहामिन या चित्रकाराशी लग्न केलं. हा आपल्या पुण्याचा, बेने इस्रायली. फाळणीनंतर दोघं कराचीला गेली आणि १९६७ मध्ये आतिया तिथे जवळजवळ कफल्लक अवस्थेत वारली. तिच्यावर एक वेगळा लेख लिहायला हवा.

याच तय्यबजी मंडळींची आणखी एक चाल मला फार आवडली. त्यांच्या घरांमध्ये 'अखबार'च्या वह्या असत. अखबार म्हणजे बातम्या. कुटुंबाची एक सामाईक वही, तिच्यात घरातल्या कोणीही लिहावं आणि कोणीही वाचावं. पुरुष लिहीत, बायका लिहीत, पोरंटोरंसुद्धा लिहीत. कोण आलं, कोण आजारी, कुठे सहल काढली, काय वाचलं. एकोणिसाव्या शतकात मुंबईतल्या मुस्लिम घरातल्या बायका आपलं रोजचं जगणं सगळ्या खटल्यासमोर मांडत होत्या! आमच्या कुटुंबाच्या गटावर सकाळी सकाळी फुलांची चित्रं टाकणाऱ्या मंडळींनी यातून काही धडा घ्यावा असं सुचवून बघते. (रागवू नका.)

बद्रुद्दीन तय्यबजींनी १९०३ मध्ये मुंबईत भरलेल्या मुस्लिम शिक्षण परिषदेच्या अध्यक्षपदावरून पडद्याच्या अतिरेकावर टीका केली होती, तेव्हा खूप गदारोळ झाला. पण ते पडले न्यायमूर्ती, आणि पुरुष. मला जास्त मोलाचं वाटतं ते वहीत लिहिणाऱ्या बायकांचं.

आता इथून पुढचा इतिहास थोडा कडू आहे. कारण विसाव्या शतकात बायकांच्या डोक्यावरच्या कापडात सरकारं शिरली.

इराणचं उदाहरण शिकवण्यासारखं आहे. ८ जानेवारी १९३६ ला रझाशहानं बायकांचा पडदा काढायचा हुकूम काढला. देश आधुनिक करायचा होता त्याला. पोलीस रस्त्यात बायकांच्या चादरी ओढून काढायला लागले. परिणाम काय झाला? काही बायका मोकळ्या झाल्या हे खरं. पण कितीतरी बायका घराबाहेर पडेनाशा झाल्या. ज्या आजीबाई चादर घेऊन बाजारात, हमामात, मशिदीत जात होत्या त्या घरात कोंडल्या गेल्या, का तर त्यांना स्वतंत्र करायचं होतं! १९७९ मध्ये क्रांती झाली आणि काटा दुसऱ्या टोकाला गेला. कामावर येणाऱ्या बायकांनी डोकं झाकावं असं खोमेनींनी म्हटल्याबरोबर ८ मार्च १९७९ ला, महिलादिनी, तेहरानमध्ये हजारो बायका रस्त्यावर उतरल्या. त्यांच्यात क्रांतीसाठी झटलेल्या बायकाही होत्या. त्यांचं कोणी ऐकलं नाही. १९८३ मध्ये डोकं न झाकणाऱ्या बाईला ७४ फटक्यांपर्यंतची शिक्षा कायद्यात आली. एकाच जन्मात एखाद्या इराणी बाईनं दोन्ही पाहिलं असेल, तरुणपणी कापड ओढून काढणारा शिपाई आणि म्हातारपणी कापड ओढून घालायला लावणारा.

तुर्कस्तानात तऱ्हा वेगळी. तिथे १९८० च्या लष्करी उठावानंतर विद्यापीठांत डोक्याच्या रुमालावर बंदी आली आणि १९९७ नंतर ती फार कडक झाली. हजारो मुलींना शिक्षण सोडावं लागलं किंवा परदेशी जावं लागलं. काही मुली रुमालावर केसांचा टोप चढवून वर्गात बसायच्या. म्हणजे स्वतःचे केस झाकायला दुसऱ्याचे केस! २ मे १९९९ ला मर्वे कवाक्चि नावाची निवडून आलेली खासदार रुमाल बांधून शपथ घ्यायला संसदेत गेली, तर सभागृहात एवढा आरडाओरडा झाला की तिला शपथ न घेता परत जावं लागलं. पुढे नागरिकत्वही गेलं. मग २०१० च्या सुमारास विद्यापीठांतली बंदी सैल झाली आणि २०१३ मध्ये रुमालातल्या चार खासदार संसदेत बसल्या, कोणी हूं का चूं केलं नाही. आणि नेमकं याच सुमारास, २०११ मध्ये, इस्तंबूलमध्ये 'आला' नावाचं चकचकीत फॅशन मासिक निघालं, फक्त रुमालवाल्या बायकांसाठी. त्याच वर्षी 'मोदानिसा' हे त्यांच्या कपड्यांचं इंटरनेटवरचं दुकानही. इंडोनेशियातही असंच. १९८२ मध्ये सुहार्तोच्या राजवटीत सरकारी शाळांतून जिलबाबला मनाई झाली, १९९१ मध्ये उठली, आणि आज जाकार्ता हे अशा कपड्यांचं जगातलं एक मोठं केंद्र आहे.

यातून मला एवढं दिसलं की बंदी उठली की बायका गप्प बसत नाहीत, त्या लगेच रंग निवडायला लागतात. हा जांभळा, तो मोरपंखी, याला किनार हवी. धर्ममार्तंडांना हे आवडत नाही. झाकायला सांगितलं तर तुम्ही सजायलाच लागलात, असं त्यांचं म्हणणं. आणि दुसऱ्या बाजूच्या सुधारकांना वाटतं, बेडीलाच कसली नक्षी काढता! मी स्वतः बरीच वर्षं या दुसऱ्या पंगतीत बसलेली. हमीद दलवाईंनी १९६६ मध्ये सात मुस्लिम स्त्रियांचा मोर्चा मुंबईत सचिवालयावर नेला तेव्हा मी शाळकरी मुलगी होते. पुढे त्यांचं वाचलं आणि भारावून गेले. तलाकपीडित बायकांसाठी त्यांनी जे केलं त्याबद्दलचा माझा आदर आजही तसूभर कमी झालेला नाही. पण त्या सात जणींचा प्रश्न न्यायाचा होता, पोटाचा होता. मी मात्र त्यातून फक्त रुमाल उचलला. ते पुढे येतंच आहे.

इंटरनेट आल्यावर काय झालं ते तुम्हा ब्लॉगवाल्यांना मी सांगायला नको. आपण इकडे ब्लॉग सुरू करत होतो त्याच सुमारास तिकडे इंग्लंड-अमेरिकेतल्या मुस्लिम मुलीही ब्लॉग लिहायला लागल्या. त्यांची अडचण साधी होती. दुकानात लांब बाह्यांचा, गुडघ्याखाली जाणारा, बरा दिसणारा कपडा मिळत नाही, मग काय करायचं? एकीनं युक्ती सांगायची, दुसरीनं करून बघायची. हाना ताजिमा ही इंग्लंडमधली, जपानी वडील आणि इंग्रज आई असलेली मुलगी. स्वतः इस्लाम स्वीकारला, ब्लॉग लिहिला, कपडे शिवले, आणि २०१५ मध्ये युनिक्लो या जपानी कंपनीनं तिच्या नावानं कपडे काढले. मग मोठी मोठी घराणी जागी झाली. जानेवारी २०१६ मध्ये इटलीच्या डोल्चे आणि गबाना यांनी अबाया आणले, डिसेंबर २०१७ मध्ये नायकेनं खेळाडूंसाठी हिजाब विकायला काढला. ज्यांना कालपर्यंत या बायका दिसत नव्हत्या त्यांना अचानक त्यांची पाकिटं दिसली.

आणि पैसा आला की त्याच्याबरोबर जे येतं तेही आलं. सप्टेंबर २०१६ मध्ये इंडोनेशियाच्या अनिसा हसिबुआननं न्यूयॉर्कच्या फॅशन सप्ताहात एकजात हिजाबवाल्या मॉडेल उतरवल्या आणि जगभर कौतुक झालं. दोन वर्षांच्या आत ती तुरुंगात. नवरा-बायकोची प्रवासकंपनी होती, तिनं उमराहला जाऊ इच्छिणाऱ्या हजारो भाविकांचे पैसे बुडवले होते. २०१८ मध्ये तिला अठरा वर्षांची शिक्षा झाली. पोशाखावरून माणूस ओळखू नये हे आमच्या आईला न्यूयॉर्कला न जाता कळलं होतं.

पण मला जिची गोष्ट चटका लावून गेली ती हलीमा अदन. सोमाली मुलगी, १९९७ मध्ये केनियातल्या काकुमा निर्वासित छावणीत जन्मलेली, अमेरिकेत वाढलेली. २०१६ मध्ये मिनेसोटाच्या सौंदर्यस्पर्धेत ती हिजाब घालून उतरली, पोहण्याच्या पोशाखाच्या फेरीत बुर्किनी घालून. (बुर्किनी हा ऑस्ट्रेलियातल्या अहेदा झनेत्ती या बाईनं २००४ मध्ये काढलेला अंगभर पोशाख. त्याच २०१६ च्या उन्हाळ्यात फ्रान्समधल्या समुद्रकिनाऱ्यांवर त्याला बंदी घालणारे फतवे निघत होते, शेवटी तिथल्या वरिष्ठ न्यायालयानं त्यातल्या एकाला स्थगिती दिली.) पुढे हलीमा मोठमोठ्या मासिकांच्या मुखपृष्ठावर आली. आणि नोव्हेंबर २०२० मध्ये तिनं हे सगळं सोडून दिलं. कुठे जाहीर केलं? इन्स्टाग्रामवर, एकामागून एक लिहीत. तिचं म्हणणं, माझा हिजाब दिवसेंदिवस माझा राहिला नाही. एका जाहिरातीत तर तिच्या डोक्याला जीनची पँट गुंडाळली होती! स्वतःहून घातलेली गोष्ट दुसऱ्यांनी इतकी वापरली की तिला ती ओळखू येईना. नमाज चुकायला लागला होता, आईला ते पसंत नव्हतं. करोनामुळे सगळं थांबलं तेव्हा तिला विचार करायला वेळ मिळाला, असंही तिनं लिहिलं.

याच्या उलट दीना तोर्किया. इंग्लंडमधली, यूट्यूबवर स्कार्फ बांधायला शिकवून लाखो मुलींची ताई झालेली. २०१८ च्या शेवटी तिनं सांगितलं की मी आता डोकं नेहमी झाकणार नाही. झालं! काल ताई म्हणणारेच तुटून पडले. जानेवारी २०१९ मध्ये ती कॅमेऱ्यासमोर बसली आणि तिला आलेल्या शिव्या एकेक करून वाचून दाखवल्या. जवळजवळ पाऊण तास. नुसतं वाचत राहिली, बस्स. मी ते सगळं पाहू शकले नाही, मध्येच बंद केलं.

आणि इराण. तिथे तोच फोन उलट्या कामाला लागला. २०१४ मध्ये मसीह अलीनेजाद या पत्रकार बाईनं फेसबुकवर एक पान उघडलं, त्यावर बायका डोक्यावरचं कापड काढून, वाऱ्यावर केस सोडून चोरून काढलेले फोटो पाठवायच्या. डिसेंबर २०१७ मध्ये विदा मोवाहेद नावाची तरुण बाई तेहरानच्या रस्त्यात एका डब्यावर उभी राहिली आणि आपला पांढरा रुमाल काठीला बांधून हलवत राहिली. ती एक शब्द बोलली नाही. सप्टेंबर २०२२ मध्ये महसा अमिनी पोलिसांच्या ताब्यात असताना मरण पावली आणि त्यानंतर काय झालं ते आपण सर्वांनी बातम्यांत पाहिलंच. मला पुष्कळदा वाटतं की इस्तंबूलची टोप घालणारी मुलगी आणि तेहरानची डब्यावर उभी राहिलेली विदा यांना एका बाकावर बसवलं असतं तर त्यांचं छान जमलं असतं. भांडल्या असत्या कशाला?

आता आपल्या घरात येऊ. त्या मुलीच्या फितींत चेहरा का नाही?

मी विचारल्यावर ती गप्प बसली. आईनं सांगितलं. १ जानेवारी २०२२. आपण एकमेकांना नव्या वर्षाच्या शुभेच्छा पाठवत होतो. त्या दिवशी 'बुल्ली बाई' नावाचं एक ॲप इंटरनेटवर आलं. त्यात शंभरावर मुस्लिम स्त्रियांचे फोटो, त्यांच्याच पानांवरून उचललेले, आणि खाली लिलाव मांडलेला. पत्रकार, वकील, विद्यार्थिनी. तोंड उघडून बोलणाऱ्या बायका वेचून काढलेल्या. आदल्या जुलैत, २०२१ मध्ये, असंच 'सुल्ली डील्स' होऊन गेलं होतं, तेव्हा कोणी फारसं मनावर घेतलं नाही. या खेपेला मुंबई पोलिसांच्या सायबर शाखेनं माग काढला आणि जी पकडली ती विशीच्या आतबाहेरची पोरं. त्यात एक मुलगीही! मी चौतीस वर्षं वर्गात काढली आहेत. लिलाव मांडणारी ही मुलं कुणाच्या ना कुणाच्या वर्गात बसून नागरिकशास्त्र शिकली असणार, हा विचार आला की घास उतरत नाही.

आमच्या मुलीचा फोटो त्यात नव्हता. पण तिच्या आईनं त्याच रात्री तिला बसवून पानावरचे सगळे फोटो काढून टाकायला लावले. तीन वर्षांचं काम. मग महिनाभरात उडुपीचं प्रकरण पेटलं. स्कार्फ घालून कॉलेजात येऊ देत नाहीत म्हणून फाटकाबाहेर बसलेल्या मुली टीव्हीवर दिसायला लागल्या. मार्च २०२२ मध्ये कर्नाटक उच्च न्यायालयानं बंदी योग्य ठरवली, ऑक्टोबरमध्ये सर्वोच्च न्यायालयातल्या दोन न्यायमूर्तींची मतं दोन दिशांना गेली. ते कायद्याचं झालं. आमच्या मुलीनं त्या वर्षी पान बंदच ठेवलं. नंतर पुन्हा सुरू केलं ते असं, बिनचेहऱ्याचं आणि बिननावाचं. १८९८ च्या लाहोरमधल्या बायका नाव लपवायच्या कारण घरच्यांची इभ्रत. ही लपवते ती रस्त्यावरच्या भीतीनं.

आता माझ्या खात्यावरची गोष्ट.

१९९१ मध्ये दहावीच्या निरोपाच्या वेळी वर्गाचा फोटो काढायचा होता. मी वर्गशिक्षिका. सगळ्या मुली दोन वेण्या, लाल रिबिनी. ही एकटी पांढरा रुमाल बांधून आलेली. नेहमीच बांधायची, मी कधी काही म्हटलं नव्हतं. पण त्या दिवशी फोटोग्राफर म्हणाला, एकीचंच वेगळं दिसतंय, आणि मी म्हटलं, "काढ गं फोटोपुरता." प्रेमानंच म्हटलं. मनात असंही होतं की पोरीला जरा मोकळं वाटेल. दलवाई वाचलेले ना! तिनं काहीही न बोलता रुमाल काढला, घडी घातली, मुठीत धरला. फोटोत सगळ्या समोर बघतायत, ही खाली.

परवा निघताना मुलीनं विचारलं, "आजी, अम्मीचा शाळेतला एखादा फोटो आहे का तुमच्याकडे? आमच्याकडे एकही नाही." मी कपाटातून काढून दिला. तिनं बराच वेळ शोधलं. आई स्वतःहून म्हणाली, "ती बघ, दुसऱ्या रांगेत. बाईंनी रुमाल काढायला लावला होता."

चौतीस वर्षं तिच्या लक्षात होतं. मी म्हटलं, चुकलंच गं माझं. तसं म्हणतानाही ते अगदी अपुरं वाटत होतं. ती म्हणाली, "बाई, खरं सांगू? तेव्हा अर्धं बरं वाटलं होतं. डोक्याला वारा लागला म्हणून. आणि अर्धं रडू येत होतं. पण तुम्ही विचारलं नाही, सांगितलंत."

मुलीनं फोन काढून त्या फोटोचा फोटो घेतला. पानावर टाकू का म्हणून आईला विचारायला लागली. आई म्हणाली, "टाक. पण सगळ्या मुलींचे चेहरे झाक. बाईंचा तेवढा राहू दे."